मॅलकी वेळेवर गेले नाहीत

"अट्रॅक्टा, सुरू केलेली नऊ दिवसांची नोव्हेना मध्येच सोडू नये. घराला आग लागली तरी आधी त्या दिवसाची प्रार्थना, मग बादली." कॉन्व्हेंटच्या स्वयंपाकघरात सिस्टर ब्रॉनाख हे मला सांगत होत्या तेव्हा त्या उकडलेले बीट सोलत होत्या. ते वाक्य मला नेहमी त्यांच्या कोपरापर्यंत लाल झालेल्या हातांसकट आठवतं.

हे आधी सांगून ठेवते, म्हणजे ऑगस्टमधल्या त्या आठवड्यात माझं कुठे चुकलं आणि कुठे नाही, हे वाचणाऱ्याला ठरवता येईल. आमच्या ड्रमाकीरा गावातली काही माणसं अजून म्हणतात, अट्रॅक्टा टॅन्सीने तेव्हा नऊ दिवस देवाच्या मागे लागायला नको होतं. मी वाद घालत नाही. माझा आवाजच असा आहे की मी वाद घालायला लागले तरी समोरच्याला ते कळत नाही.

ड्रमाकीराचं टपाल ऑफिस बंद झालं, मग शाळा बंद झाली, मग पोलीसचौकी. उरलं काय, तर देऊळ, कोलमनचा पब आणि हर्लिंगचं, म्हणजे आमच्याकडच्या काठी-चेंडूच्या खेळाचं, मैदान. देवळात दोन आठवड्यांतून एकदा मिस्सा होते. बाकीच्या दिवशी मी गाडी काढून मिस्सेच्या मागे मागे चार गावं फिरते, पण चुकवत नाही. हर्लिंग क्लबची मी चिटणीस. वार्षिक सभेला मी चहा करायला गेले होते आणि चिटणीस होऊन घरी आले, त्याला आता बरीच वर्षं झाली. उन्हाळ्यात आमची तीच पोरं शनिवारी फुटबॉल खेळतात, तीच रविवारी हर्ली, म्हणजे हर्लिंगची काठी, घेऊन उभी राहतात. दुसरी पोरं आहेत कुठे? काही पर्थला, काही टोरांटोला. तिकडे म्हणे ड्रमाकीराचे एवढे जण आहेत की त्यांचा संघ पूर्ण होऊन वर दोघं बाकावर बसतात.

कोलमन गेराटी आमचा अध्यक्ष. पब त्याचा आणि गावातली प्रेतंही तोच उचलतो. पुढच्या दाराने बिअरची पिंपं आत जातात, मागच्या दाराने शवपेट्या बाहेर येतात. माणूस मोठा प्रेमळ. लहानपणी ज्यांच्या डोक्यावरून हात फिरवला त्यांना पुढे तोच दारू पाजतो आणि शेवटी तोच पुरतो. नोएल आमचा प्रशिक्षक. दुधाचा टँकर चालवतो, त्यामुळे इंजिनाच्या आवाजाच्या वरताण बोलायची त्याला सवय. कानगोष्टसुद्धा तो पलीकडच्या शेतातल्या माणसाला ऐकू जाईल अशी करतो.

आणि मॅलकी, माझे थोरले दीर, क्लबचे तहहयात मानद अध्यक्ष. माझे यजमान गेल्यापासून आम्ही दोघं एकाच घरात राहत होतो. ते वरच्या मजल्यावर त्यांच्या हर्ल्यांबरोबर, मी खाली माझ्या संतांबरोबर. त्यांनी लग्न केलं नाही. कुणी विचारलं तर म्हणायचे, "मागणी आली होती. क्लबकडून."

त्या रविवारी आमचा सामना क्लूनबॅनशी होता. क्लूनबॅन म्हणजे शेजारचं गाव, तीन मैलांवर. आमच्याकडचा माणूस तिकडे फक्त डिझेल भरायला जातो, आणि तेही टाकी अगदी कोरडी पडली तर. त्या वर्षी आम्ही दोन सामन्यांत न खेळताच समोरच्याला पुढे चाल दिली होती. एकदा पोरांना ताप आला म्हणून, एकदा चार दिवस ऊन पडलं आणि सगळे गवत कापायला गेले म्हणून. तिसऱ्यांदा पुढे चाल दिली की स्पर्धेतून नाव जातं. नाव गेलं की पुढच्या वर्षी स्पर्धा चालवणारं काउंटी बोर्ड आम्हाला क्लूनबॅनला जोडून टाकणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं. वाहून गेलेलं कुंपण शेजाऱ्याच्या कुंपणाला बांधतात तसं.

आणि नेमक्या त्याच रविवारी कप्तानाच्या भावाचं लग्न होतं, पोर्तुगालमध्ये. कप्तान करवला होता आणि मधली फळी वऱ्हाडी.

सोमवारी संध्याकाळी पबच्या मागच्या खोलीत सभा भरली. मी दुपारीच बोर्डाला फोन करून सामना पुढे ढकलता येईल का विचारलं होतं. बोर्डाच्या गृहस्थांनी सांगितलं ते मी सभेला जसंच्या तसं सांगितलं.

"ते म्हणाले, लग्न हे कारण होत नाही, बाई. लग्न माणूस आपल्या मर्जीने करतो."

"मग कुठलं कारण चालतं?" नोएल गरजला.

"क्लबच्या सभासदाचा मृत्यू. ते म्हणाले, आहे का तुमच्याकडे कुणी? मी म्हटलं, नाही."

हे बोलून झाल्यावर मला कळलं की खोलीत कुणी ग्लाससुद्धा उचलत नाहीये. मॅलकी पंधरवड्यापासून काउंटीच्या इस्पितळात होते. न्यूमोनिया. वय अठ्ठ्याहत्तर.

"मॅलकी कसा आहे गं?" नोएलने विचारलं. इतक्या हळू आवाजात तो बोलू शकतो हे आम्हाला त्या दिवशी कळलं.

"बरे नाहीत."

"बरे नाहीत म्हणजे… कितपत बरे नाहीत?"

कोलमनने टेबलावर दोन्ही हात ठेवले. प्रेताच्या नातेवाइकांशी बोलायचा त्याचा एक वेगळा, मऊ आवाज आहे. त्या आवाजात तो म्हणाला, "हे बघ अट्रॅक्टा, मी त्याच्या मरणावर टपलेलो नाही. माझा जन्माचा दोस्त आहे तो. पण हा माणूस आयुष्यभर सगळीकडे वेळेआधी पोचला. मिस्सेला आधी, सामन्याला आधी. मी एवढंच म्हणतो, की जायचंच असेल तर शुक्रवारपर्यंत…"

"मी त्यांच्यासाठी नोव्हेना धरली आहे," मी म्हटलं.

"कितवा दिवस?" नोएल.

"आज चौथा."

"आणि? काही फरक?"

"काल त्यांनी अर्धं अंडं खाल्लं."

समोरच्या संघाने गोल मारल्यावर जसा उसासा निघतो तसा निघाला. मी चिटणीस या नात्याने तो इतिवृत्तात लिहिला नाही. पण मला लागलं. मी इतकी वर्षं या गावासाठी प्रार्थना करते आहे. पाऊस थांबावा म्हणून, गायी सुखरूप व्याव्यात म्हणून, पोरांना व्हिसा मिळावा म्हणून, आणि पोरांना व्हिसा मिळू नये म्हणूनही, त्यांच्या आयांच्या सांगण्यावरून. त्यातली एखादी लागू पडली तर "योगायोग गं" म्हणणारी माणसं त्या दिवशी पहिल्यांदा माझ्या प्रार्थनेच्या ताकदीवर विश्वास ठेवत होती, आणि ती बंद कर म्हणत होती.

"दोन-चार दिवस सुट्टी घे ना," नोएल म्हणाला. "तुझीही तब्येत आहे. गुडघे दुखतात म्हणत होतीस."

"माझे गुडघे छान आहेत."

"रविवारनंतर दुप्पट म्हण! मीही येतो म्हणायला!"

मी पर्स उचलली आणि घरी आले. दुसऱ्या दिवशी कोलमनने फादर इमेकांना गाठलं. फादर नायजेरियाचे. आमच्यासकट चार गावांची देवळं त्यांच्या एकट्याच्या गळ्यात. सगळं संभाषण नंतर त्यांनीच मला सांगितलं, न हसता, आणि न हसताना त्यांना फार त्रास होत होता.

"फादर, एका कारणासाठी चाललेली नोव्हेना दुसऱ्या कारणाकडे वळवता येते का? समजा, मध्येच?"

"कुठल्या कारणाकडे?"

"सामन्याच्या."

"आणि मॅलकींचं काय?"

"त्याचं देव बघेल की."

"एका सामन्याचं इतकं महत्त्व आहे, कोलमन?"

"फादर, तुम्हाला इथे येऊन किती वर्षं झाली?"

"सहा."

"मग विचारता कसे?"

फादरांनी त्याला सांगितलं की प्रार्थना म्हणजे टपाल नव्हे, पत्ता बदलून पुढे पाठवायला. कोलमन म्हणाला की टपालही आता गावात येत नाहीच. मग दोघांनी मिळून एक व्हिस्की घेतली. त्या आठवड्यात शहाणपणाचं एवढंच झालं.

बुधवारी मॅलकींनी पूर्ण अंडं खाल्लं. ही बातमी मी कुणाला सांगितली नाही, तरी पसरली. दुकानात दोन बायांनी माझ्याशी बोलणं टाळलं. एकीने टाळलं नाही. ती म्हणाली, "अगं अट्रॅक्टा, माझा पोरगा या वर्षी पहिल्यांदा मोठ्या संघात आलाय. नाव गेलं तर तो पुढच्या वर्षी कोणाकडून खेळणार? कुणाकडूनच नाही. मग तोही जाईल विमानाने." तिने दुधाची पिशवी उचलली आणि पैसे द्यायला विसरून निघून गेली. तिच्या वाटचे मी दिले. त्या रात्री मी माळ हातात घेऊन नेहमीपेक्षा जास्त वेळ बसले, पण मागणं बदललं नाही. सिस्टर ब्रॉनाखचे लाल हात डोळ्यांपुढे होते, आणि खरं सांगायचं तर मला मॅलकी घरी हवे होते. जिन्यावर कुणी खोकत नसलं की घर फार मोठं वाटतं.

गुरुवारी कोलमन इस्पितळात गेला. द्राक्षं घेऊन गेला होता, हे त्याच्या बाजूने सांगायला हवं. मॅलकींच्या खाटेपाशी पोचला तर खाट रिकामी. चादर काढलेली, गादी उघडी, उशाशी काही नाही. कोलमनचा सगळा जन्म या धंद्यात गेलेला. उघडी गादी म्हणजे काय, हे त्याला कुणाला विचारावं लागत नाही, आणि त्याने विचारलंही नाही. तोच त्याचा अभिमान होता. तो म्हणायचा, दुःखाच्या ठिकाणी प्रश्न विचारणारा माणूस हा कच्चा माणूस. त्याने टोपी काढली, खाटेपाशी उभं राहून एक प्रार्थना म्हटली, द्राक्षं शेजारच्या पेशंटला दिली आणि खाली येऊन फोन लावला.

आधी बोर्डाला. मग स्थानिक रेडिओला. मग नोएलला. मला लावलाच नाही. नंतर म्हणाला, "मला वाटलं, इस्पितळवाल्यांनी तुला कळवलं असेल. मग त्या दुःखात तुला कशाला छेडा?"

खाट रिकामी होती कारण मॅलकी बरे होत होते. त्यांना वरच्या मजल्यावर हलवलं होतं, जिथे खिडकीतून गाड्या दिसतात.

आमच्याकडे सकाळच्या बातम्यांनंतर रेडिओवर निधनवार्ता वाचतात. तेवढा वेळ किटली शिट्टी मारत असली तरी उतरवून ठेवायची, पोरं भांडत असली तरी एक चापट लावून गप्प करायची. शुक्रवारी सकाळी मी टोस्टला लोणी लावत होते आणि रेडिओवरच्या बाईने तिच्या सावकाश आवाजात वाचलं, "ड्रमाकीराचे मॅलकी टॅन्सी. काउंटी रुग्णालयात, शांतपणे. पश्चात त्यांचा क्लब आणि भावजय."

मी सुरी खाली ठेवली. क्रूसाची खूण केली. मग बसले.  रडू नंतर येणार होतं, पण त्याच्या आधी जे आलं ते सांगायची मला लाज वाटते. माझ्या मनात आलं, पश्चात क्लब आणि भावजय? आधी क्लब? ज्याच्या सदऱ्यांना मी बटणं लावली, ज्याच्या खोकल्यासाठी मी रात्रीबेरात्री जिना चढले, त्याच्या मागे मी राहिले ती क्लबच्या नंतर? आणि मला हे रेडिओवरून कळावं?

दारात गाडी थांबली. पहिली कोण आली असेल, तर क्लूनबॅनची डिम्फ्ना. त्यांच्या क्लबची चिटणीस. माझ्याएवढीच, माझ्यासारखीच विधवा, आणि आम्ही आयुष्यात एकमेकींशी सामन्याच्या वेळेपलीकडे काही बोललेलो नव्हतो. हातात ॲपल पाय, वर स्वच्छ फडकं.

"वाईट झालं गं बाई," ती म्हणाली आणि माझा हात धरला. "मी लहान होते तेव्हा आमच्या बाबांनी तो मला लांबून दाखवला होता. म्हणाले, तो बघ, त्याच्यामुळे आपण तीन वर्षं हरलो. नीट बघून ठेव."

मग मात्र मला रडू आलं. तिने मला रडू दिलं, किटली परत चढवली आणि कपाटं न विचारता शोधली. तिच्यामागून आमची माणसं आली, सँडविचचे डोंगर घेऊन. हॅमचे, अंड्याचे, परत हॅमचे. नोएल दारात उभा राहून हुंदके देत होता, आणि त्या हुंदक्यांमध्ये कुठेतरी सुटकेचा निःश्वास होता. तोही दूरवर ऐकू गेला असेल.

तेवढ्यात फोन वाजला.

"अट्रॅक्टा," पलीकडून मॅलकी बोलत होते. "रेडिओवर म्हणतायत मी गेलो. तुला काही कल्पना होती?"

"आत्ताच कळलं," मी म्हटलं.

"मलाही."

 खोलीतल्या सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी शक्य तितक्या हळू सांगितलं, "मॅलकींचा फोन आहे." एका म्हातारीने दोनदा क्रूसाची खूण केली. नोएलचा हुंदका अर्ध्यावर थांबला आणि तो खाली बसला, एका हॅम सँडविचवर.

बाकी सगळे खाली मान घालून उभे राहिले. आनंद झाला पाहिजे हे सगळ्यांना कळत होतं, आणि प्रत्येक जण दुसऱ्याने सुरुवात करायची वाट बघत होता. शेवटी डिम्फ्नाच म्हणाली, "बरं झालं बाई! चला, तो ॲपल पाय कापते. मेलेल्या माणसासाठी केलेलं असलं म्हणून काही वाया घालवायचं नाही."

दुपारी कोलमन आला. त्याच्याकडे बघवत नव्हतं. तो म्हणाला, "आजपर्यंत माझं एकदाही चुकलं नव्हतं, अट्रॅक्टा. एकदाही." मी त्याला चहा दिला. बोर्डाला खरं सांगायचं कुणी, हे आमचं ठरत नव्हतं. पण ते काम आधीच झालं होतं. मॅलकींनी इस्पितळातून स्वतः फोन लावला होता. बोर्डाच्या गृहस्थांनीच मला कळवलं. "बाई, मला एक जण म्हणाला, मी मयत बोलतोय, सामना ठरल्या वेळेला घ्या. असली थट्टा मी या खुर्चीवर कधी ऐकली नव्हती." मी त्यांची क्षमा मागितली. त्यांनी विचारलं, रविवारच्या आत काही बदल होण्याची शक्यता आहे का. मी म्हटलं, नोव्हेनाचा उद्या शेवटचा दिवस आहे. त्यांना ते कळलं नसावं.

नववी प्रार्थना मी शनिवारी इस्पितळाबाहेर गाडीतच म्हटली. मग वर गेले. डॉक्टरबाई घरी नेऊ नका म्हणत होत्या. छाती अजून भरलेली होती, हृदयाचंही काही सांगत होत्या. मॅलकी कोट घालून खाटेवर बसले होते.

"आपल्याकडे उद्या चौदा आहेत," ते म्हणाले. "कोलमन गोलात, नोएल पुढे. तेरा जणांनी सुरू करता येतं, पण दुसऱ्या अर्ध्याला पंधरा उभे नसले तर पुढे चाल. मी सभासद आहे. वर्गणी भरलेली आहे."

"तुम्हाला सामना खेळायचाय?"

"खेळायचं कोण म्हणतंय? उभं राहायचंय."

मी त्यांना गाडीत घालून घरी निघाले. शाळेच्या बंद इमारतीवरून गेलो तेव्हा म्हणाले, "रेडिओवर स्वतःचं ऐकलं ना, तेव्हा मला एकच गोष्ट खटकली. पश्चात क्लब."

"मलाही खटकली," मी म्हटलं.

"तुझं वेगळं. तुझा रुसवा आहे." ते हसले आणि खोकत राहिले. "मी पडल्या पडल्या विचार केला. त्यांना मी एका रविवारसाठी मरायला हवा होतो. मी मेलोही असतो गं, त्यात काय? पण पुढच्या रविवारी कोण मरणार? आणि त्याच्या पुढच्या?"

मी गाडी हळू केली.

"आपण संपलोय, अट्रॅक्टा. सगळ्यांना दिसतंय, फक्त पहिल्यांदा कुणी बोलायचं नाही. उद्या आपण पंधरा उभे करू. नाव जाणार नाही. मग क्लूनबॅनकडे आपण आपल्या पायांनी जायचं. बोर्डाने उचलून त्यांच्या दारात टाकायच्या आधी. आपण विचारायचं, तुम्ही आणि आम्ही मिळून एक संघ करू या का? निम्मं नाव आपलं, निम्मं त्यांचं. पोरांना उभं राहायला जागा तरी राहील."

"तुम्ही सांगा ना सभेत. तुमचं ऐकतील."

"मला जमायचं नाही. माझं तोंड त्या नावाने उघडत नाही. ज्यांच्याशी उभा जन्म भांडलो त्यांच्यापुढे जाऊन…" त्यांनी खिडकीकडे तोंड फिरवलं. "मी गेल्यावर तू जा. डिम्फ्नाकडे. बापयांकडे नको, बापये पंधरा वर्षं चर्चा करतील. वचन दे."

मी जन्मात पुष्कळ नवस बोलले आहे, पण ते सगळे ज्याच्याशी बोलले तो समोर बसलेला नसतो. "देते," मी म्हटलं.

सामन्याचं काय सांगू? पहिल्या अर्ध्यात चौदा जणांना जेवढं हरता येतं तेवढं आम्ही हरलो. कोलमन गोलात अशा मुद्रेने उभा होता की आत गेलेल्या प्रत्येक चेंडूचं तो सांत्वन करत होता. नोएल ओरडायच्या नादात पळायचं विसरत होता. मध्यंतरानंतर मॅलकी मैदानात आले. हिरवी-पांढरी जर्सी, खाली रविवारची काळी पँट, डोक्यावर कुणाचं तरी मोठं शिरस्त्राण, ते दर पावलाला डोळ्यांवर येत होतं. पंचाने त्यांच्याकडे पाहिलं, बोटाने पंधरा मोजले, पुन्हा मोजले आणि शिट्टी वाजवली.

त्यांना कोपऱ्यात उभं केलं होतं. त्यांच्यावर नजर ठेवायला क्लूनबॅनचा एक धिप्पाड गडी होता. मी कडेला उभी असल्यामुळे त्या दोघांचं बोलणं ऐकू येत होतं.

"बरं वाटतंय ना काका? बसायचंय?"

"तू आपला चेंडूकडे बघ."

"चेंडू तिकडेच आहे हो. सगळा वेळ तिकडेच आहे."

एकदाच इकडे आला. सुटून, घरंगळत, मॅलकींच्या पायाशी येऊन थांबला. मॅलकींनी हर्ली उचलली. वर नेली. तिथेच थांबली. तो धिप्पाड गडी दोन्ही हात मागे घेऊन उभा राहिला, म्हाताऱ्या माणसाला रस्ता ओलांडू देतात तसा. सगळं मैदान थांबलं. पंचही थांबला. मॅलकींचा हात वरच राहिला, छाती भात्यासारखी हलत होती, आणि हर्ली काही खाली येईना. मग त्यांनी ती हळूच जमिनीवर टेकवली, काठीसारखी, आणि त्या पोराला म्हणाले, "घे बाबा. तूच मार."

त्याने मारला. तो चेंडू कुठे गेला ते मी पाहिलं नाही. आम्ही इतक्या फरकाने हरलो की पंचाने तो आकडा नोएलच्या कानात सांगितला. पण पंधरा उभे होते. नाव राहिलं. पोरांनी मॅलकींना उचलून गाडीपर्यंत आणलं आणि त्या रात्री पबमध्ये जिंकल्यासारखं गाणं चाललं.

मंगळवारी दुपारी मॅलकी चहा पिऊन खुर्चीत बसले आणि उठले नाहीत. मी कोलमनला बोलावलं. त्याने नाडी पाहिली, आरसा धरला, पुन्हा नाडी पाहिली, छातीला कान लावला. मग डॉक्टरबाईंना बोलवायला लावलं. त्यांनी सांगितल्यावरही तो बराच वेळ खुर्चीसमोर उभा होता. नातेवाइकांसाठीचा तो मऊ आवाज त्याने काढला नाही. म्हणाला, "या वेळी मला चुकायला आवडलं असतं."

रेडिओवाल्यांनी आधी विश्वासच ठेवला नाही. पहिल्या दिवशी घरी फार कुणी आलं नाही. माणसांना वाटलं, परत तेच. आली ती डिम्फ्ना, परत ॲपल पाय घेऊन. म्हणाली, "मागचा त्याच्या जिवंतपणी खाल्ला, तो धरायचा नाही."

दफनाच्या दिवशी देवळापासून कबरीपर्यंत दोन्ही क्लब दोन बाजूंनी रांगेत उभे होते. एका बाजूला आमचे, पोर्तुगालहून उन्हात भाजून आलेल्यांसकट. दुसऱ्या बाजूला क्लूनबॅनचे. त्यांची रांग लांब होती. आमची संपली तिथून पुढे त्यांचेच दोन्हीकडे उभे राहिले, कुणी सांगितलं नव्हतं तरी.

नंतर सगळे आमच्या घरी जेवायला आले. सूप झालं, मटण झालं, बाटल्या उघडल्या. नोएल खुर्चीवर चढला. डोळे सुजलेले, ग्लास वर.

"आज इथे शपथ घ्यायची!" तो ओरडला. "मॅलकीच्या नावाने! हा क्लब एकटा उभा राहील! क्लूनबॅनशी हातमिळवणी कोण म्हणेल त्याने आधी माझ्याशी दोन हात करावेत!"

"मॅलकीला काय वाटलं असतं!" कुणीतरी म्हणालं.

"मॅलकीला काय वाटलं असतं!" सगळे म्हणाले, आणि बायासुद्धा रडत म्हणाल्या. दुकानात पैसे विसरलेली ती बाई रडत नव्हती. ती तिच्या पोराकडे बघत होती. पोरगा मोबाइलवर विमानाची तिकिटं बघत होता.

कोलमनने माझ्याकडे पाहिलं. "तू काहीतरी बोल, अट्रॅक्टा. घरची तू."

"मी काय बोलणार?" मी म्हटलं. आणि खरंच, त्या गोंगाटात माझं कुणाला ऐकू गेलं असतं?

मी भांडी सिंकमध्ये ठेवली, हात पुसले. खुंटीवरचा काळा कोट घातला आणि मागच्या दाराने बाहेर आले. मागे नोएलने क्लबचं गाणं धरलं होतं, सुराच्या पुष्कळ वर. गाडी सुरू केली तरी आत कुणाला कळलं नाही. चौरस्त्याला देवळाकडे न वळता मी डावीकडे वळले, डिम्फ्नाच्या घराकडे. टाकी भरलेली होती.